पितृपक्षात घर घेत नाहीत

१४ ऑगस्ट, गुरुवार
ईडन प्रेरी (मिनेसोटा), मावशीकडे.

काहीतरी शिजतंय. गॅसवर तर शिजतंच आहे (सकाळी थालीपीठ, दुपारी भरली वांगी, आत्ता शिऱ्याचा वास), पण त्याशिवायही. मागच्या वेळी आलो तेव्हा प्रतिमा मावशीने मी बूट काढायच्या आत विचारलं होतं, "कॉलेज पूर्ण कधी करणार?" या वेळी काहीच नाही. वायोमिंगच्या रँचवरची नोकरी का सोडली, हेसुद्धा नाही. "राहा रे हवं तितकं," एवढंच. माझ्याशी कोणी इतकं गोड बोललं की मी आधी पाकीट चाचपतो.

संध्याकाळी उलगडा झाला. जगन्नाथ काका ऑफिसातून आले, हातपाय धुतले आणि चहा घेता घेता म्हणाले, "सिद्धू, तुझा क्रेडिट स्कोअर किती असेल रे?"

भाच्याला असं कोणी सहज विचारतं?

मग कळलं की ते घर घेतायत. एकवीस वर्षं ही दोघं याच अपार्टमेंटमध्ये भाड्याने राहतायत. काका म्हणायचे, व्हिसावर घर घ्यायचं आणि उद्या नोकरी गेली तर साठ दिवसांत घर विकायचं की देश सोडायचा? आधी ग्रीन कार्ड, मग घर. ते कार्ड या फेब्रुवारीत आलं. माझं मी पंधरा वर्षांचा असतानाच बाबांच्या कार्डाबरोबर आलं होतं, त्याचं मी काय केलं ते सगळ्यांना दिसतंच आहे.

तर काका अठ्ठावन्न वर्षांचे आणि कर्ज तीस वर्षांचं. म्हणजे फिटणार अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी. मग बँकेला कोणीतरी तरुण सही करणारा लागणार. तो कोण? थालीपीठ कोण खातंय?

मी सही करणार नाही. सप्टेंबरअखेर उत्तरेला बिटाची काढणी सुरू होते, साखरेचं बीट, पैसे बरे देतात. तिथे जाईन. तोवर सावध.

शिरा चांगला झाला होता. बदाम जास्तच घातले होते. नोंद करून ठेवतो.

१७ ऑगस्ट, रविवार

घर बघून आलो. दुमजली टाउनहाउस, रस्ता जिथे संपतो तिथे शेवटचं. मागे तळं. तळ्यात एक बगळा इतका वेळ हलला नाही की मला वाटलं प्लॅस्टिकचा आहे, गिऱ्हाइकं फसवायला ठेवलेला. मी खडा मारला. उडाला. तरी पूर्ण खात्री नाही.

काका प्रत्येक खोलीत जाऊन दिवे लावून बघत होते. वरच्या खोलीत म्हणाले, "ही आश्लेषाची." आश्लेषा म्हणजे त्यांची मुलगी, माझी मावसबहीण. कार्ड यायच्या आधीच ती एकवीस वर्षांची झाली, त्या वयानंतर मूल वडिलांच्या अर्जात धरत नाहीत, तिचं नाव गळलं, ती टोरांटोला गेली. तिथेच नोकरी, तिथेच बॉयफ्रेंड.

"ती येणार आहे का राहायला?" मी विचारलं.

काकांनी खिडकी उघडून बघितली. सहज उघडते म्हणाले.

मावशी खाली किचनमध्ये उभी होती. एकही कपाट उघडलं नाही तिने. "इथून लायब्ररी किती लांब हो?"

"सात मिनिटं," काका वरून ओरडले.

"चालत?"

"गाडीने गं. चालत कोण जातं?"

"हं," मावशी म्हणाली. ती गाडी चालवते, पण बर्फात नाही. एकदा घसरली होती तेव्हापासून. मिनेसोटात बर्फ नाही असे महिने किती?

बाहेर सुशांत भेटला. कर्जाचं काम तोच बघतोय. नागपूरचा, इथल्या मराठी मंडळाच्या नाटकात दरवर्षी इन्स्पेक्टर होतो. मी त्याला गाडीमागे नेलं आणि सरळ विचारलं, "माझ्या सह्या कुठे कुठे लागणार?"

"तुझ्या?" तो हसायलाच लागला. "अबे, तुझं नाव लावलं तर बँक रेट वाढवेल. दोन वर्षांत सात नोकऱ्या, पत्ता म्हणशील तर कधी व्हॅन, कधी दोस्ताचा सोफा. तू या फाइलपासून जितका दूर राहशील तितकं काकाचं भलं होईल बाप्पा."

"मग त्यांनी माझा स्कोअर का विचारला?"

"काळजी वाटली असेल. मला बी वाटून राहिली आता."

आल्यापासून नकार पाठ करत होतो. वाया गेला. अपमानही झालाय, तो कुठे नोंदवायचा कळत नाही.

२० ऑगस्ट, बुधवार

सही नको, तर मग वांगी कशासाठी?

आज मावशीने ताटाशेजारी एक कागद ठेवला. बँकेने दिलेला कर्जाचा अंदाज. तिसरं पान वर.

"तुझी आई म्हणते, ह्याला तीर्थ दिलं तरी वास घेऊन पितो," ती म्हणाली. "तर मग घे याचा वास. मला मेलीला काय कळतंय आकड्यांतलं."

मंडळाचा जमाखर्च सहा वर्षं हीच बघते. बी.कॉम. आहे. पण वयाने होत असेल तसं.

मी घेतला कागद. किंमत चार लाख पंच्याऐंशी हजार. सत्त्याण्णव हजार रोख, बाकी तीन लाख अठ्ठ्याऐंशी हजार कर्ज, पावणेसात टक्क्यांनी. हप्ता अडीच हजार आणि वर काही. गुणिले तीस वर्षं. पंचाहत्तर हजार! चार लाखांचं कर्ज पंचाहत्तर हजारांत फिटतं? मग सगळी दुनिया भाडं का भरते? मी इतका खूश झालो की बाल्कनीत जाऊन खारीला शेंगदाणे घातले. खार एक दाणा खाते आणि तीन कुंडीत पुरते, मावशीच्या ओव्याच्या कुंडीत. मग ते कुठे पुरले हे तिच्या लक्षात राहतं का, हे बघण्यात दुपार गेली. राहत नाही.

संध्याकाळी मावशीने माझा आकडा बघितला. "वर्षाचे महिने किती रे?" एवढंच विचारलं.

बारा. बाराने गुणायचं राहिलं.

नऊ लाख सहा हजार. त्यात कर्ज तीन लाख अठ्ठ्याऐंशी. म्हणजे घर एकदा घ्यायचं आणि बँकेला सव्वादोनदा पैसे द्यायचे. वर टॅक्स, गारपिटीचा इन्शुरन्स, सोसायटीचे पैसे, ते वेगळेच.

हे सुशांतने सांगितलं होतं का? नाही. बगळा दाखवला.

२७ ऑगस्ट, बुधवार

गणपती बसले. या कॉम्प्लेक्समधली निम्मी मराठी-तेलुगू बायामंडळी आरतीला आली. फोन न करता, चपलासुद्धा न घालता. कॉरिडॉरमधून नुसत्या मोज्यांवर येतात. मावशी दिवसा तीन पोरं सांभाळते, खालच्या मजल्यावरची दोन आणि समोरच्या चैत्रालीचा एक, देव नावाचा, वय दोन. तो देव आरतीभर मावशीच्या कमरेवर बसून टाळ चावत होता. एवढी वर्षं डिपेंडंट व्हिसावर हिला नोकरी करता आली नाही, म्हणून हे सुरू केलं. आता कार्ड आलंय तर नोकरी कर म्हटलं, तर म्हणाली, "आणि ह्याला कोण घेईल?"

काका आरती झाल्यावर मोठ्याने म्हणाले, "पुढच्या वर्षी बाप्पा स्वतःच्या घरात!" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मावशी मोदकांवर तूप सोडत होती, तिने ऐकलं नसावं.

सुशांतही आला होता. कागदाचं तिसरं पान मी खिशात तयारच ठेवलं होतं. "पाच वर्षांत बँकेला दीड लाख द्यायचे आणि कर्ज उतरणार फक्त चोवीस हजार? बाकीचे सव्वा लाख कुठे जातात?"

"व्याज आहे ना भाऊ. आधी व्याज, मग मुद्दल. सगळीकडे तसंच असते."

"म्हणजे काका अडुसष्टचे झाले तरी तीन लाख तीस हजार बाकी."

"रेट उतरला की रिफायनान्स करू, जुनं फेडून नवं स्वस्त कर्ज."

"की पुन्हा तीस वर्षं पहिल्यापासून?"

"तू फार प्रश्न विचारते बे," म्हणत तो मोदकांकडे गेला. किती खाल्ले ते मी मोजत होतो, पण मध्येच देवने टाळ माझ्या पायावर टाकला.

मावशी नंतर हळूच म्हणाली, "काय म्हणाला?" सांगितलं. "अगदी असंच काकांना सांग," म्हणाली. "मी सांगितलं म्हणून नको सांगूस."

बिचारी घाबरलेली असणार, सुशांत फसवेल म्हणून.

१ सप्टेंबर, सोमवार

गेले दहा दिवस राज्याच्या जत्रेत चीज तळायच्या स्टॉलवर काम केलं. आज शेवटचा दिवस. संध्याकाळी बघतो तर रांगेत काका. एकटेच. इतक्या वर्षांत ते पहिल्यांदा जत्रेत आले म्हणे.

ब्रेकमध्ये बाकावर बसलो. मी आकडे सुरू केले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं, बोटाला लागलेलं तेल कागदाला पुसलं आणि म्हणाले, "आणि भाड्याचा हिशोब केलास?"

नव्हता केला.

"तीन लाखांच्या वर दिलंय मी आजवर. त्यातलं भिंतीतलं खिळ्याचं भोकसुद्धा माझं नाही. जाताना तेही बुजवून द्यायचं." मग कागद चुरगाळत, "माझ्याबरोबर आलेला प्रत्येक जण घर घेऊन मोकळा झाला. संजयची तर दोन झाली. पार्टीत विचारतात, 'जगू, अजून तिथेच का रे?' मी म्हणतो, कार्ड येऊ दे. आता कार्ड आलं. आता काय सांगू?"

 शेजारच्या तंबूत सगळ्यात मोठ्या भोपळ्याचं वजन चाललं होतं, तिकडे बघत बसलो. इतका मोठा भोपळा आतून पोकळ असतो. मी विचारलं होतं त्या शेतकऱ्याला, तो चिडला.

एक मात्र खरं. काकांनी मावशीबद्दल काहीच सांगितलं नाही. मावशीला काय वाटतं म्हटलं तर म्हणाले, "तिला काय, ती कुठेही रमते."

६ सप्टेंबर, शनिवार

विसर्जन बादलीत झालं. पाणी झाडांना घातलं.

त्यानंतर बॉम्ब. मावशीने फ्रिजवरचं मंडळाचं कॅलेंडर खाली काढलं आणि म्हणाली, "अहो, सह्या बारा तारखेला ना? सोमवारपासून पितृपक्ष आहे."

काका टीव्ही बघत होते. "मग?"

"मग काय? पितृपक्षात घर घेत नाहीत."

"रेट लॉक पंधरापर्यंतच आहे, मग व्याज बदलेल. तुला सांगितलं होतं मी."

"मी कुठे बँकेला नावं ठेवतेय? मी तिथी सांगितली."

काकांनी सुशांतला फोन लावला. लॉक वाढवायला जवळजवळ हजार डॉलर लागतील. शिवाय ज्यांचं घर आहे ती म्हातारी फ्लोरिडाला निघालीय, ती थांबायची नाही.

मी दोघांकडे आळीपाळीने बघत होतो. मावशी सोमवार पाळत नाही, चतुर्थी पाळत नाही. देवघर आहे मायक्रोवेव्हच्या वर. आणि आता पितृपक्ष? मला वाटतं सुशांतची आणि तिची काही मिलीभगत आहे. ते हजार डॉलर कोणाच्या खिशात जाणार, हे बघायला हवं.

९ सप्टेंबर, मंगळवार

मिलीभगत नाही. सुशांतला खोदून खोदून विचारलं. लॉक वाढवायचे पैसे बँक घेते, त्याला एक पैसा नाही. उलट व्यवहार मोडला तर त्याचंच कमिशन बुडतं. गाडीत बसून रडकुंडीला आला होता. "काकूला समजाव ना यार. देवाधर्माचं मी काय करू? पंडित आणू?"

मावशीला म्हटलं, पंडिताला विचारायचं का, काही शांत वगैरे असेल. ती डाळ धूत होती. "नको. पंडित काहीतरी तोडगा काढतात," म्हणाली.

यात न पटण्यासारखं काय आहे? तोडगाच तर हवाय.

आज शेवटचे कागदही आले. पाचव्या पानावर बँकेने स्वतःच्या हाताने छापलंय: तीस वर्षांत एकूण किती भरणार. लपवलेलं नाहीच. मला जरा वाईट वाटलं. एवढं शोधून काढलं होतं.

११ सप्टेंबर, गुरुवार

सगळं लिहून ठेवतो, उद्या कोणी म्हणायला नको मी काही बोललो नाही म्हणून.

काका आज लवकर आले. टेबलावर फाइल, पेन, बँकेचा ड्राफ्ट, सगळं नीट मांडून ठेवलं. मी समोर बसलो आणि पहिल्यापासून सुरू केलं. नऊ लाख. अडुसष्टाव्या वर्षी काय बाकी. छत बदलायचं. गारपीट. सव्वादोनदा.

"पहिल्या हप्त्यातले तीनशे चौतीस डॉलर घराला, बाकीचे बँकेला," काका म्हणाले. "ते राहिलं तुझं."

मी माझा कागद उलटून बघितला. खरंच राहिलं होतं.

"मी बँकांचंच सॉफ्टवेअर लिहितो रे सिद्धू. हे कोष्टक मी तू गोट्या खेळत होतास तेव्हापासून दर वर्षी मांडतोय. नवा रेट, नवी किंमत, माझं नवं वय."

"मग कशाला घेताय?"

"एवढी वर्षं रांगेत उभा राहिलो. आता खिडकी उघडली तर काही न घेता परत फिरू?"

 गणितात नाही हे.

तेवढ्यात मावशी आली. देव कमरेवर, त्याची आई अजून ऑफिसातून यायची होती. "अहो, मी परत सांगते. पितृपक्ष आहे."

काका हसले. "प्रतिमा, बाबांच्या तिथीला आपण एकदा पिझ्झा मागवला होता. तूच मागवलास. एक्स्ट्रा चीज."

"म्हणूनच. तेव्हा कळत नव्हतं."

"बरं. म्हातारीच्या हातापाया पडतो. दसऱ्याला चालेल?"

"दसऱ्याला सोनं घेतात."

"दिवाळीला?"

"दिवाळीत इथे बर्फ. बर्फात कोण सामान हलवतं?"

"मग एप्रिल. बर्फ वितळल्यावर."

मावशीने देवला दुसऱ्या कमरेवर घेतलं. "तेव्हाचं तेव्हा बघू," म्हणाली.

काका तिच्याकडे बघत राहिले. चष्मा काढला, पुसला, परत घातला, परत बघितलं. दार वाजलं, चैत्राली आली, "सॉरी हं काकू, ट्रॅफिक!" म्हणत हात पुढे केले. देव जाईना. मावशीच्या ओढणीत तोंड खुपसून "नो नो नो" करत बसला. मावशी त्याला सोडवत होती की धरून ठेवत होती, सांगता येणार नाही. दोघी कॉरिडॉरमध्ये बोलत राहिल्या, मग तिसरीही कोणीतरी आली, कोणाच्या तरी सासूच्या गुडघ्याचं चाललं होतं, आणि मावशी मोठ्याने हसली.

काका ते ऐकत होते. मग फोन उचलला.

"सुशांत, कॅन्सल कर."

पलीकडचा आवाज मला इथपर्यंत ऐकू येत होता. "काका! विसाराचे पाच हजार जातील!"

"जाऊ देत."

"म्हातारीला कारण काय सांगू?"

"पितृपक्ष सांग."

"तिला काय कळणार आहे त्यातलं?"

"वेळ लागतो कळायला," काका म्हणाले. "मलाही लागला."

फोन ठेवला. फाइल बंद केली. मावशी आत आली तेव्हा तिला एवढंच म्हणाले, "चहा टाक."

म्हणजे बघा. तीन आठवडे मी आकडे मांडतोय, बँकेने स्वतः छापून दिलंय, ते सगळं कवडीमोल. आणि एका तिथीपायी घराचा व्यवहार मोडला. शिकलेली माणसं. मला नावं ठेवतात.

१२ सप्टेंबर, शुक्रवार

काका आज उशिरा आले. ट्रॅफिक म्हणाले. मी फोनवर बघितलं, रस्ते मोकळे होते. बुटांना ओलं गवत चिकटलं होतं, ताजं कापलेलं, आणि तळ्याकाठी असतो तसला चिखल. आमच्या कॉम्प्लेक्सचं गवत कापून आठवडा झाला. कुठे गेले होते?

विचारलं नाही. चेहरा तसा नव्हता.

मावशीने ते बूट गुपचूप उचलले, बाल्कनीत नेऊन पुसले आणि जागेवर ठेवले. तिला माहीत असावं.

१४ सप्टेंबर, रविवार

सकाळी काका कॉम्प्लेक्सच्या ऑफिसात जाऊन भाड्याचा करार वाढवून आले. या वेळी दोन वर्षांचा. येताना ड्रिल मशीन घेऊन आले आणि हॉलच्या भिंतीत चांगली मोठी भोकं पाडून आश्लेषाचा फोटो लावला. मी म्हटलं, ही बुजवून द्यावी लागतील ना? "देऊ की," म्हणाले.

दुपारी जेवायला बसलो तर चिकन. सुकं आणि रस्सा, सातारी पद्धतीचा, खोबरं भाजून. पितृपक्षाच्या ऐन मध्यात! मी म्हटलं, "मावशी, हे चालतं?"

"तू जेव," मावशी म्हणाली.

"नाही, परवा तर तू म्हणालीस..."

"सिद्धू," काका म्हणाले, "जेव."

मग त्यांनी स्वतःची वाटी पुढे केली. मावशीने रस्सा वाढला. त्यांनी परत पुढे केली, तिने परत वाढला. तिसऱ्यांदा वाटी रिकामी नव्हती तरी पुढे केली, आणि ती म्हणाली, "पुरे झालं आता," आणि दोघंही हसायला लागली. माझ्याकडे कोणी बघतच नव्हतं. मावशीने तर ओढणीने डोळे टिपले. रस्सा तिखट होता, पण तितका नव्हता.

या घरात मला काहीतरी सांगितलं जात नाहीये.